वाटाण्याचा सिनेमा

पोरांनो, दादासाहेब फाळक्यांच्या पहिल्या सिनेमाचा नायक कोण, सांगा बघू.

थोरली म्हणते, राजा हरिश्चंद्र. बरोबर आहे, शाळेत तेच शिकवतात, आणि परीक्षेतही तेच लिहा, उगाच मार्क घालवू नका. पण हरिश्चंद्र पडद्यावर आला १९१३ साली. त्याच्या आदल्याच वर्षी फाळक्यांनी दुसऱ्या एका नटाला कॅमेऱ्यासमोर आणलं होतं. मोठा गुणी नट. पगाराचं नाव नाही, रुसवाफुगवा नाही. स्त्रीपार्टासाठी मिशी उतरवा म्हटलं की नट तोंड फिरवायचे आणि फाळक्यांना त्यांची मनधरणी करत बसावं लागायचं, तसली कटकटही नाही. हा गडी महिनाभर जागचा हलला नाही, आणि हलायचं तेवढं मात्र चोख हलला. कोण होता तो? कुंडीत पेरलेला वाटाण्याचा एक दाणा.

सिनेमाचं नाव ‘अंकुराची वाढ’. चालायचा मिनिटभराहून किंचित जास्त. दाणा फुटतो, कोंब वर येतो, पानं उलगडतात, वेल चढू लागतो. संपला सिनेमा.

धाकट्याने नाक मुरडलं. वाटाणा उगवतो, त्यात बघायचं काय, म्हणे! अरे, तू जालन्याचा ना? आपल्या गावाने नाव काढलं ते बियाण्यावर. १९६४ साली बद्रीनारायण बारवाले यांनी इथे महिको काढली. सुरुवात केली होती भेंडीच्या बियाण्याने. पुढे १९९८ साली त्यांना जागतिक अन्न पुरस्कार मिळाला. तिकडे बदनापूरला कडधान्यांचं संशोधन केंद्र आहे. आपल्या बांधापलीकडे बीडीएन ७११ तूर उभी असते ना, ती तिथलीच. अशा मुलखात राहून तू विचारतोस, दाणा उगवतो त्यात काय!

बरं, मृगाच्या आधी आपण सोयाबीनची उगवण तपासतो, ते आठव. गोणपाटाचा तुकडा भिजवायचा. त्यावर दहा-दहाच्या ओळींत शंभर दाणे मांडायचे. वरून दुसरा ओला तुकडा टाकायचा, गुंडाळी करायची, सावलीत ठेवायची आणि रोज पाणी शिंपडायचं. आठवडाभराने गुंडाळी सोडली की मोजणी. सत्तर किंवा त्याहून जास्त दाण्यांना धड कोंब असले तर बियाणं पेरायला चांगलं. थोडे कमी भरले तर पेरताना माप वाढवायचं. फारच कमी भरले तर ते पेरणीच्या कामाचं नाही.

आता मला सांग, गुंडाळी बांधली तेव्हा दाणा होता आणि सोडली तेव्हा कोंब होता. मधे काय घडलं ते कुणी पाहिलं? माझा सगळा जन्म शेतात गेला, पण दाणा फुटताना मी पाहिलेला नाही. फुटलेला पाहिलाय. आपला डोळा अडाणी असतो बाबा. फार भरभर फिरणारं त्याला दिसत नाही, फार हळू सरकणारंही दिसत नाही. पंखा जोरात फिरू लागला की पाती दिसेनाशी होतात, आणि वाटाण्याचा कोंब दिवसभर टक लावून बसलं तरी हललेला दिसत नाही. न दिसणारी ती हालचाल आपल्या देशात पडद्यावर आणून दाखवली फाळक्यांनी.

पण त्या कुंडीपाशी जायचं तर आधी जरा लांबचा फेरा घ्यावा लागेल. पार पॅरिसपर्यंत, कोबीच्या वाफ्यात.

तिथे अ‍ॅलिस गी नावाची एक मुलगी होती. जन्म १८७३ चा, म्हणजे फाळक्यांपेक्षा तीन वर्षांनी धाकटी. कॅमेऱ्यांचा व्यापार करणाऱ्या एका कंपनीत ती टाइपिस्ट म्हणून लागली. पत्रं लिहायची, हिशेबाचे कागद लावायचे, हे तिचं काम. थोड्याच दिवसांत ती कंपनी लेआँ गोमाँ यांच्या हाती आली. १८९५ च्या मार्चमध्ये ल्यूमिए बंधूंनी आपलं हलत्या चित्रांचं यंत्र जाणकारांच्या एका सभेत दाखवलं, तेव्हा मालकाबरोबर हीसुद्धा तिथे होती. पडद्यावर कारखान्याच्या फाटकातून कामगार बाहेर पडताना दिसले. बघणारे यंत्रावर खूश झाले. हिच्या मनात मात्र वेगळंच आलं. नुसते चालणारे कामगार काय दाखवायचे, या यंत्राने गोष्ट का सांगू नये? तिने मालकाकडे परवानगी मागितली. मालक हो म्हणाले, पण एका अटीवर: कचेरीची पत्रं तुंबता कामा नयेत.

तिने केलेल्या पहिल्या सिनेमाचं नाव ‘कोबीची परी’. साल १८९६, असं ती स्वतः सांगत असे. तिकडे पोरांनी विचारलं की बाळ कुठून येतं, तर मोठी माणसं सांगायची, कोबीच्या गड्ड्यातून. आपल्याकडे दवाखान्यातून विकत आणलं म्हणून सांगतात, तशातलाच प्रकार. तर त्या सिनेमात एक परी कोबीच्या वाफ्यात हिंडते आणि गड्ड्यांमागून एकेक बाळ उचलून दाखवते. मिनिटभराचा खेळ. कोबी नकली, बाळं खरी.

योगायोग बघा. त्या बाईचा पहिला सिनेमा भाजीच्या वाफ्यातला, आणि आपल्या फाळक्यांचा भाजीच्या कुंडीतला. दोन्ही मिनिटभराचे. तिच्या कोबीतून पोरं निघाली, यांच्या वाटाण्यातून वाटाणाच निघाला. माझं मत विचाराल तर दुसरा चमत्कार मोठा. पहिल्यात माणसाने सांगितलेली थाप होती, दुसऱ्यात दाण्याने स्वतः केलेली करामत होती.

त्या बाईंची पुढची कथाही ऐकण्यासारखी आहे. पुढची दहा वर्षं गोमाँ कंपनीच्या सगळ्या सिनेमांची सूत्रं त्यांच्या हातात होती. ज्या काळात बायकांना फ्रान्समध्ये मतसुद्धा देता येत नव्हतं, त्या काळात ही बाई पटापट सिनेमे काढत होती, शेकड्यांनी. १९०६ साली त्यांनी येशू ख्रिस्ताच्या चरित्रावर मोठा सिनेमा केला. पंचवीस प्रवेश, तीनशेच्या आसपास माणसं आणि अर्ध्या तासाहून जास्त लांबी. त्या वेळी बहुतेक सिनेमे चहा निवायच्या आत संपायचे, हे लक्षात घ्या. १९०७ मध्ये लग्न करून त्या अमेरिकेला गेल्या. १९१० मध्ये तिथे सोलॅक्स नावाची स्वतःची कंपनी काढली आणि १९१२ मध्ये न्यू जर्सीत फोर्ट ली इथे स्वतःचा स्टुडिओ उभा केला. स्टुडिओत नटांसाठी मोठ्या अक्षरांत पाटी लावली होती: सहज वागा. नाटकी हातवारे करणाऱ्या नटांना वठणीवर आणायला इतकंच पुरेसं होतं की नाही कोण जाणे. वाटाण्याला मात्र ती पाटी कधीच लागली नसती.

आता मुंबईला चला. गिरगावात ‘अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेस’ नावाचं थिएटर होतं. १९११ च्या सुमाराची गोष्ट. त्र्यंबकेश्वरला जन्मलेले धुंडिराज गोविंद फाळके तेव्हा चाळिशीत होते आणि हातात काम नव्हतं. माणूस मात्र उद्योगी. जे. जे. स्कूलमध्ये चित्रकला शिकलेले, बडोद्याच्या कलाभवनात फोटोग्राफी आणि छपाईची कला शिकलेले. पुरातत्त्व खात्यात नोकरी करून सोडलेली, ब्लॉक बनवण्याचा आणि छपाईचा धंदा करून भागीदारांशी न पटल्यामुळे त्यातूनही बाहेर पडलेले. शिवाय जादूगार. आपलंच नाव उलटं करून ‘प्रोफेसर केळफा’ म्हणून ते जादूचे प्रयोग करायचे.

असं सांगतात की ते थोरल्या मुलाला, भालचंद्राला, घेऊन या थिएटरात जनावरांचा सिनेमा बघायला गेले. पोराने घरी येऊन आईला सांगितलं, पडद्यावर खरीखुरी जनावरं चालत होती. घरात कुणाचा विश्वास बसेना. म्हणून दुसऱ्या दिवशी फाळके सगळ्यांना घेऊन गेले. ईस्टरचे दिवस होते, थिएटरात जनावरांऐवजी ख्रिस्ताचं चरित्र लागलं होतं. फाळक्यांच्या चरित्रात तो सिनेमा अ‍ॅलिस गी यांचा होता असं सांगतात. शेजारी पत्नी सरस्वतीबाई बसलेल्या. पडद्यावर ख्रिस्त होता आणि फाळक्यांना दिसत होते राम आणि कृष्ण. आपले देव असे कधी चालतील, या एका विचाराने त्यांना झपाटलं.

मग काय विचारता! मिळेल तो सिनेमा बघायचा. छोटा कॅमेरा आणि फिल्मचे तुकडे आणून घरी मेणबत्ती आणि भिंग लावून भिंतीवर चित्रं पाडायची. झोप नाही, डोळ्यांना विसावा नाही. अखेर डोळेच गेले म्हणायची पाळी आली. डॉ. प्रभाकरांनी औषधोपचार केले, तीन-चार चष्म्यांच्या आधाराने माणूस पुन्हा कामाला लागला. विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ च्या फेब्रुवारीत बोटीने लंडन गाठलं. तिथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या कचेरीत ओळखपाळख नसताना थेट जाऊन संपादकांना भेटले. त्यांनी सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओत नेऊन सगळं काम दाखवलं. फाळक्यांनी विल्यमसन बनावटीचा कॅमेरा आणि फिल्मला भोकं पाडायचं यंत्र यांची मागणी नोंदवली आणि एप्रिलच्या आरंभी घरी परतले.

भोकं पाडायचं यंत्र कशाला, असा प्रश्न आला. तेव्हाची कोरी फिल्म साधी पट्टी असायची. कॅमेऱ्याच्या दातांनी तिला पुढे ओढायचं तर दोन्ही कडांना एकसारखी भोकं हवीत, आणि तीही अंधारात पाडायची, कारण उजेड लागला की फिल्म गेली. हे काम सरस्वतीबाईंनी शिकून घेतलं. फिल्म धुण्याची रसायनंही त्याच कालवायच्या. आपल्याकडे सिनेमाचे जनक म्हणून एकच नाव घेतात. मला विचाराल तर त्या पाटीवर दोन नावं हवी होती.

तर कॅमेरा आला, भोकं पडली, पण सिनेमा काढायला पैसा कुठून आणायचा? सावकार काही मुंबईतल्या माणसाने लंडनहून आणलेल्या पेटीवर पैसे देणार नव्हते. त्यांना काहीतरी करून दाखवायला हवं होतं. रस्त्यावरची गर्दी दाखवता आली असती, आगगाडी दाखवता आली असती. पण तसली चित्रं साहेब लोकांनी केव्हाच दाखवली होती. १८९६ च्या जुलैमध्येच ल्यूमिए बंधूंचे सिनेमे मुंबईच्या वॉटसन हॉटेलात दाखवले गेले होते. फाळके जादूगार ना! त्यांनी असं काहीतरी निवडलं की जे सगळ्यांच्या घरात घडतं आणि कुणीही पाहिलेलं नाही. कुंडी घेतली, वाटाणा पेरला आणि समोर कॅमेरा उभा केला.

करामत कशी, ते नीट ऐका. मुक्या सिनेमाच्या काळात कॅमेऱ्याला हँडल असायचं. साधारणपणे हँडलच्या एका फेऱ्यात आठ चित्रं उतरायची आणि सेकंदाला दोन फेरे मारायचे. म्हणजे सेकंदाला सोळा चित्रं. दाखवतानाही त्याच वेगाने दाखवली की आपला मेंदू ती सोळा अलग चित्रं जोडून एकच हालचाल समजतो. आता समजा, चित्रं सलग न घेता थांबून थांबून घेतली. एक आत्ता, दुसरं पाऊण तासाने, तिसरं आणखी पाऊण तासाने. दाखवताना मात्र ती सेकंदाला सोळा याच वेगाने दाखवली. मग पाऊण तासाचा काळ एका सेकंदाच्या सोळाव्या भागात मावतो.

थोरले, पाटी घे. एका मिनिटाला किती चित्रं? साठ गुणिले सोळा, नऊशे साठ. तीस दिवसांचे तास किती? सातशे वीस. सातशे वीस तास नऊशे साठ चित्रांत वाटले तर प्रत्येकाच्या वाट्याला किती? बरोबर, पंचेचाळीस मिनिटं. महिन्याचं मिनिट करायचं असेल तर रात्रंदिवस दर पाऊण तासाने एक चित्र, हा हिशेब. आणि त्या सगळ्या काळात कॅमेरा केसभरही हलायला नको, कुंडी सरकायला नको, उजेड फार कमीजास्त व्हायला नको. घरात लहान लेकरं असताना हे जमवणं हरिश्चंद्राच्या सत्त्वपरीक्षेपेक्षा सोपं नसणार.

ही युक्ती जगात अगदी नवी होती असं नाही. जर्मनीत लाइपत्सिगला फेफर नावाच्या वनस्पतिशास्त्रज्ञांनी १९०० च्या आसपास रोपांची अशी चित्रं घेतली होती. इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथ यांचा फुलं उमलण्याचा सिनेमा १९१० चा. पण कुणाच्या प्रयोगशाळेच्या पाठबळाशिवाय आपल्या घरात बसून हे करणारा माणूस विरळाच.

आता खरी मजा. त्या मिनिटात दाणा काय काय करतो, ते बघू.

वाळलेला वाटाणा हातात घेतला की खडा वाटतो. मेलेला वाटतो. पण तो मेलेला नसतो. आत एक इवलंसं रोप गुडघे पोटाशी घेऊन निजलेलं असतं आणि दोन्ही बाजूंना त्याची शिदोरी, म्हणजे वाटाण्याच्या दोन डाळी. पाणी मिळालं की दाणा आधी नुसता पितो. पिऊन पिऊन टम्म फुगतो, साल ताणली जाते. पाणी आत शिरलं की डाळींमधल्या पिठाची साखर होऊ लागते, आणि त्या साखरेवर रोप जागं होतं.

पहिल्यांदा बाहेर येतं ते मूळ. पान नाही, खोड नाही, मूळच. आधी पाण्याची सोय, मग बाकीचा संसार. दाणा उलटा पेरा, आडवा पेरा, मूळ वळसा घेऊन खालीच जातं. त्याला खाली कुठे ते कळतं कसं? मुळाच्या टोकाशी काही पेशी असतात, त्यांच्यात पिठाचे जड कण असतात. ते कण आपल्या वजनाने पेशीच्या तळाशी बसतात. दाणा आडवा झाला की कण दुसऱ्या बाजूला घसरतात, आणि मुळाला कळतं की खाली आता इकडे आहे. मग त्याची एक बाजू जास्त वाढते आणि ते वळतं. डोळे नाहीत, कान नाहीत, पण ओळंबा आहे.

मग निघतो कोंब. त्याचा शेंडा फार नाजूक. शेंडा पुढे करून माती फोडायला गेला तर सोलवटून निघेल. म्हणून तो मान खाली वाकवून घेतो आणि वाकलेल्या पाठीने माती रेटत वर येतो, मोंढ्यातला हमाल मान वाकवून पाठीने पोतं उचलतो ना, तसा. उजेड लागला की मान सरळ होते. फाळक्यांच्या मिनिटात हे बघणाऱ्यांना काय वाटलं असेल! कुणीतरी मातीखालून उठून उभं राहतंय, असंच.

आणि आता शेतकऱ्याच्या पोराने ओळखावी अशी गोष्ट. वाटाण्याच्या दोन डाळी मातीतच राहतात, वर येत नाहीत. हरभऱ्याच्या नाहीत, तुरीच्याही नाहीत. सोयाबीन, मूग, चवळी मात्र आपल्या डाळी डोक्यावर घेऊन वर येतात. सोयाबीन उगवलं की सरीतून जाड जाड दोन-दोन दलं दिसतात, तीच. याचा फरक पडतो कुठे? वाणी पडल्यावर. मृगाच्या पावसात ते लांब, काळपट, गुंडाळी होऊन बसणारे किडे निघतात ना, ते कोवळी रोपं बुडाशी कुरतडतात. सोयाबीन दलांच्या खाली तुटलं की संपलं, कारण त्याचे सगळे डोळे त्या दलांच्या वर असतात. वाटाण्याचा किंवा हरभऱ्याचा शेंडा कुणी तोडला तर मातीत राहिलेल्या डाळींपाशी जे डोळे असतात त्यातून नवा कोंब फुटू शकतो. शिदोरी जमिनीत ठेवणारा शहाणा, हे तुम्ही म्हणाल. पण सोयाबीनची दलं उजेडात हिरवी होऊन थोडं अन्न तयार करतात, म्हणजे तेही अगदीच वेडं नाही.

नवरात्रात घट बसतात तेव्हा घटाभोवतीचं धान पिवळं आणि उंचच उंच का होतं, हेही आजीने एकदा विचारलं होतं. देवघरात उजेड कमी. रोपाला वाटतं, आपण अजून मातीखालीच आहोत. मग ते हिरवा रंग करण्यात शक्ती घालवत नाही, सगळी शिदोरी उंची वाढवण्यात घालतं, कुठेतरी उजेड सापडेल म्हणून. तेच धान अंगणात उन्हात पेरलं असतं तर बुटकं आणि हिरवंगार झालं असतं.

सिनेमाचा शेवटचा भाग वेलाचा. वाटाण्याच्या पानाच्या टोकाला दोऱ्यासारखे तणावे असतात. आपल्याला ते स्थिर दिसतात. प्रत्यक्षात ते हवेत गोल गोल फिरत असतात, आंधळ्याने हात फिरवून भिंत शोधावी तसं म्हणणार होतो, पण राहू दे, तणाव्याला शोधायचं काय ते त्याला पक्कं माहीत असतं. काडी लागली की जी बाजू काडीला टेकते ती कमी वाढते, बाहेरची बाजू जास्त वाढते, आणि तणावा काडीभोवती वळतो. इंग्लंडच्या चार्ल्स डार्विन यांनी या हालचालींवर वर्षानुवर्षं काम केलं. १८८० साली मुलगा फ्रान्सिस याच्या मदतीने वनस्पतींच्या हालचालींवर मोठा ग्रंथ लिहिला. त्यांच्याकडे सिनेमाचा कॅमेरा नव्हता. रोपासमोर काच धरायची, रोपाचा शेंडा जिथे दिसतो तिथे काचेवर ठिपका द्यायचा, थोड्या वेळाने पुन्हा ठिपका, आणि नंतर ठिपके जोडायचे. ठिपक्यांमधून वाकडीतिकडी वर्तुळं निघाली. डार्विननी ठिपक्यांवरून जे ताडलं ते फाळक्यांच्या कॅमेऱ्याने एका मिनिटात डोळ्यांपुढे धरलं.

आपल्याकडे जगदीशचंद्र बोस यांनीही थोड्याच वर्षांनी क्रेस्कोग्राफ नावाचं यंत्र केलं. रोपाची वाढ दहा हजार पट मोठी करून ते दाखवायचं. फाळक्यांनी वेळ आखडला, बोसांनी अंतर ताणलं. गाठलं दोघांनी एकच रोप.

सिनेमा तयार झाल्यावर फाळक्यांनी तो निवडक लोकांना दाखवला. त्यांतल्या यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहरे यांनी पैसे पुढे केले. सरस्वतीबाईंनी दागिने दिले. आणि मग तुमचा तो राजा हरिश्चंद्र उभा राहिला. सदतीसशे फूट लांब. दादरला चित्रीकरण, साठ-सत्तर माणसांचा रोजचा स्वयंपाक सरस्वतीबाईंच्या हातचा, भालचंद्र रोहिदास झालेला, तारामती झाले साळुंके नावाचे एक गृहस्थ. २१ एप्रिल १९१३ ला ऑलिम्पियात खास खेळ झाला आणि ३ मे ला गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये तो लोकांसाठी लागला. एका फुटात सोळा चित्रं धरा, म्हणजे हरिश्चंद्राची चित्रं एकोणसाठ हजारांवर जातात. वाटाण्याची नऊशेसाठ-हजार. पण त्या एकोणसाठ हजारांचं कर्ज या हजारावर मिळालं.

वाटाण्याची युक्ती फाळके विसरले नाहीत. १९१५ च्या सुमारास त्यांनी ‘आगकाड्यांची मौज’ केला. आगपेटीतल्या काड्या आपणहून हलतात. काडी थोडी सरकवायची, एक चित्र घ्यायचं, पुन्हा सरकवायची. वाटाणा स्वतः सरकत होता, इथे काडी माणूस सरकवत होता, एवढाच फरक. आजची कार्टूनं बघता ना, ती याच घराण्यातली.

पुढे फाळक्यांनी नाशिकला कंपनी काढली, ‘लंकादहन’, ‘कालियामर्दन’ गाजले. बोलपट आले आणि मुक्या सिनेमाचा हा राजा मागे पडला. १९३७ चा ‘गंगावतरण’ शेवटचा. १६ फेब्रुवारी १९४४ ला ते नाशिकला वारले. तिकडे अ‍ॅलिस गी यांचंही तेच झालं. १९२२ मध्ये त्या फ्रान्सला परतल्या, पण काम मिळेना. त्यांचे कित्येक सिनेमे पुरुषांच्या नावावर लागले. आपल्या सिनेमांची यादी स्वतःच जमवत, चुका दुरुस्त करा म्हणून पत्रं लिहीत त्या म्हाताऱ्या झाल्या. १९६८ साली न्यू जर्सीत वारल्या तेव्हा वय चौऱ्याण्णव होतं.

‘अंकुराची वाढ’ आज बघायला मिळत नाही. हरिश्चंद्राचेच पुरते रीळ उरले नाहीत, तिथे वाटाण्याचं कोण जपणार! मग आपण पुन्हा करू. दिवाळीनंतर रब्बीची हवा लागली की वाटाण्याला बरं. बियाण्याच्या दुकानातून मूठभर गोल वाटाणा आणा. त्याला औषध लावलेलं असतं, म्हणून तोंडात टाकायचा नाही आणि हात लगेच धुवायचे. काचेच्या पेल्यात आतून टिपकागदाची गुंडाळी बसवा, कागद आणि काच यांच्यामध्ये दाणा अडकवा, तळाशी बोटभर पाणी घाला. म्हणजे मूळसुद्धा दिसेल, जे फाळक्यांना कुंडीत दिसलं नसेल. समोर जुना मोबाइल दोन विटांच्या मधे घट्ट बसवा आणि चार्जर लावून ठेवा. दर पाऊण तासाने एक फोटो घेणारी सोय हल्ली फोनमध्ये अ‍ॅप टाकून करता येते. मागे पांढरा कागद, शेजारी एक बारका दिवा, रात्रंदिवस सारखाच. काचेच्या एका कडेला खुणेची रेघ मारा, वाढ मोजता येईल. कोंब वर आला की काडी रोवा, नाहीतर तणावे बिचारे हवेतच फिरत राहतील. आणि एक ध्यानात ठेवा, पहिले दोन-तीन दिवस नुसता फुगलेला दाणा दिसेल. काही होत नाही म्हणून कंटाळून कुणी मोबाइल उचलायचा नाही, आईला फोन करायचा असला तरी.